दीपकाने दिवे लागले, मल्हाराने पाऊस पडला: यात खरं काय?

कोमल_निषाद (धागाकर्ती) | मंगळवार, रात्री १०:१५

गेल्या गुरुवारी संध्याकाळी आमच्याकडे वळवाचा पाऊस झाला आणि वीज गेली. मी तंबोरा घेऊन बसले होते. आठ वर्षांचा भाचा अंधारात मांडीला टेकून बसला होता. थोड्या वेळाने म्हणाला, "मावशी, तू दीपक म्हण ना. लाइट येतील."

त्याच्या आजीने त्याला तानसेनाची गोष्ट सांगितली आहे: तो दीपक राग गायला, दिवे आपोआप लागले, त्याच्या अंगाची आग झाली आणि शेवटी मल्हार रागाने पडलेल्या पावसात ती विझली. मी म्हटलं, अरे, ती नुसती गोष्ट आहे. तो गप्प झाला. मला मात्र रात्रभर चुकल्यासारखं वाटत राहिलं, कारण बावीस वर्षं गाणं शिकते आहे आणि "नुसती गोष्ट" असं मला स्वतःला वाटत नाही. दिवे लागत नाहीत हे ठाऊक आहे. पण तंबोरा नीट लागला की खोली बदलते, हेही ठाऊक आहे. भिंती लांब सरकल्यासारख्या वाटतात. मांडणीवरचं एक स्टीलचं झाकण माझ्या पंचमाला (सा-रे-ग-म-प मधल्या प ला) किणकिणतं, बाकी कुठल्याच स्वराला नाही.

पोराला खरं उत्तर द्यायचं आहे. ही गोष्ट कुठून आली? स्वरामुळे बाहेरच्या जगात नक्की काय घडतं? सगळं खोटं आहे असंही त्याला सांगायचं नाही आणि सगळं अक्षरशः घडलं असंही नाही. जाणकारांनी सवडीने लिहावं.

पाणवठा | मंगळवार, रात्री १०:४०

रुमाल टाकून ठेवते. तानारीरीबद्दल लिहायचं आहे, उद्या लिहीन.

जुनी_बाडं | मंगळवार, रात्री ११:५२

फार चांगला प्रश्न. माझ्या परीने इतिहासाची बाजू मांडतो.

तानसेन ग्वाल्हेरकडचा. आधी रीवा संस्थानच्या राजा रामचंद्र बाघेलाकडे होता, १५६२ मध्ये अकबराच्या दरबारी आला. अबुल फज़लने 'आईन-ए-अकबरी'त दरबारातल्या गायक-वादकांची यादी दिली आहे, तिच्यात तानसेनाचं नाव पहिलं आहे. गेल्या हजार वर्षांत असा गवई झाला नाही, असं त्याने लिहून ठेवलंय. माणूस खरा, त्याचा दबदबा खरा.

दीपकाची गोष्ट मात्र एका माणसाला चिकटलेली नाही. तिचं दुसरं रूप गोपाळ नायकाच्या नावावर आहे: अकबराने हुकूम केला म्हणून तो यमुनेत गळ्यापर्यंत उभा राहून दीपक गायला, पाणी उकळू लागलं आणि तो जळून राख झाला. आता गंमत पाहा. गोपाळ नायक हा परंपरेने देवगिरीच्या यादवांच्या दरबाराशी जोडला जातो, अल्लाउद्दीन खिलजीच्या आणि अमीर खुसरोच्या काळातला. म्हणजे अकबराच्या अडीचशे वर्षं आधीचा! गोष्टीला काळाचं बंधन नव्हतं, तिला फक्त मोठा गवई आणि हट्टी राजा हवा होता.

देवगिरीचं नाव निघालंच आहे म्हणून सांगतो. ज्या 'संगीत रत्नाकरा'वर पुढचं बरंचसं संगीतशास्त्र उभं आहे, तो शार्ङ्गदेवाने तेराव्या शतकात तिथेच, सिंघण यादवाच्या पदरी असताना लिहिला. दौलताबादचा किल्ला चढणाऱ्यांपैकी फार थोड्यांना हे सांगितलं जातं, याचं मला वाईट वाटतं.

आता माझं मत. जुन्या राग-रागिणी पद्धतीत सहा पुरुष राग आणि प्रत्येकाला एक ऋतू. हिंदोल वसंताचा, दीपक ग्रीष्माचा, मेघ वर्षेचा. हे तीन ओळीने ठेवा आणि तानसेनाची गोष्ट पुन्हा वाचा. दीपक गायला, अंगाची लाही झाली, वणवण फिरला, शेवटी मल्हाराने निवाला. चैत्रापासून आषाढापर्यंत आपण सगळे यातूनच जातो. कुणीतरी ऋतुचक्राला माणसाचं शरीर दिलं आणि त्याला तानसेन म्हटलं, असं मला वाटतं. रागमाला चित्रांत, म्हणजे रागांना माणसाचं रूप देणाऱ्या जुन्या चित्रांत, दीपकाभोवती दिवे आणि ज्योती काढलेल्या असतात. चित्र आधी की दंतकथा आधी, यावर हाणामारी होऊ शकेल, पण दोन्ही एकाच मुशीतून निघालेली आहेत.

पाणवठा | बुधवार, सकाळी ७:०५

वरचा प्रतिसाद आवडला, पण त्यात ज्यांनी तानसेनाला वाचवलं त्या दोघी आल्याच नाहीत. नेहमी असंच होतं.

गुजरातेतल्या वडनगरच्या ताना आणि रीरी. नागर ब्राह्मणांच्या घरच्या, नरसी मेहतांच्या लेकीच्या वंशातल्या, असं सांगतात. अंगात आग घेऊन फिरणारा तानसेन शर्मिष्ठा तळ्याच्या काठी आला. तिथे पाणी भरायला बायका आल्या होत्या. त्यांच्यातली ताना घागर भरायची आणि ओतून द्यायची, पुन्हा भरायची, पुन्हा ओतून द्यायची. रीरीने विचारलं, किती वेळ चाललंय हे? ताना म्हणाली, घागरीत पडणाऱ्या पाण्यातून मल्हार ऐकू येईपर्यंत मी भरणार. शेवटी तो आला. तानसेनाला तिथेच कळलं की आपली आग विझवणार ते या दोघीच.

त्या गायल्या, पाऊस आला, तो निवाला. आणि मग? बातमी दरबारात गेली. त्यांना बोलावणं आलं, फौज आली. दोघींनी विहीर जवळ केली. दिवे लावणारा दरबारात परत गेला आणि पाऊस पाडणाऱ्या पाण्यात गेल्या. वडनगरला त्यांची समाधी आहे, दरवर्षी त्यांच्या नावाने संगीत महोत्सव होतो.

मला लहानपणी ही गोष्ट सांगणाऱ्यांनी शेवट गाळला होता. मोठेपणी कळल्यावर मी दोन दिवस कुणाशी धड बोलले नाही. तुमच्या भाच्याला गोष्ट सांगाल तेव्हा घागरीपासून सुरू करा. ती आठ वर्षांच्या मुलाला कळते.

तरंगलांबी | बुधवार, दुपारी १:३०

घागरीचा तपशील वाचून जेवणाच्या सुट्टीत लिहायला बसलो. मी कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवतो.

आधी नको असलेला भाग उरकून टाकतो. माणूस कितीही जोराने गायला तरी त्याच्या आवाजातली ऊर्जा एक वॅटच्या आतबाहेर असते. साधी मेणबत्ती साधारण ८० वॅट उष्णता देते. वातीला पेट घ्यायला एका बिंदूवर काही शे अंश तापमान लागतं. गळ्यातून ते होणार नाही.

आता घागर. भांडं भरत जातं तशी आतली हवा कमी होते आणि आवाज चढत जातो. डोळे मिटून बादली भरताना ती भरत आली हे आपल्याला कळतं ते यामुळेच. धार बारीक असेल तर हा चढ सावकाश, एकसंध होतो, म्हणजे मींडच, एका स्वरावरून दुसऱ्यावर न तुटता सरकत जाणं. ताना घागर परत परत ओतत होती याचा अर्थ ती धारेचा वेग आणि घागरीचा कल बदलून पाहत होती. गोष्ट रचणाऱ्याचा कान पाण्याजवळ बसलेला होता, एवढं मी खात्रीने म्हणेन.

तुमचं झाकण: प्रत्येक वस्तूची स्वतःची एक कंपनसंख्या असते. बाहेरून नेमकी तीच आली की वस्तू बोलू लागते, थोडी इकडेतिकडे झाली की गप्प. झाकणाची तुमच्या पंचमाशी गाठ पडली आहे. तुम्ही पट्टी बदलून पाहा, मग ते कदाचित मध्यमाला (म ला) बोलेल.

आणि तंबोरा, जिथे मी स्वतः अजूनही थक्क होतो. समजा तुमचा षड्ज (सा) पेटीवरची काळी एक आहे, १३८.६ हर्ट्झ. खर्जाची तार त्याच्या निम्म्यावर, ६९.३. ही तार एकटी छेडा आणि थांबा. तिच्या पाचपट, ३४६.५ हर्ट्झला एक स्वर फुलतो. तो शुद्ध गंधार (ग)! तंबोऱ्यात गंधाराची तारच नाही. कुणी तो छेडलेला नाही. तरी तो खोलीत असतो, मायक्रोफोनला सापडतो, मोजता येतो. हार्मोनियमच्या सम-विभागी (बाराही स्वर सारख्या अंतरावर ठेवणाऱ्या) पट्टीत हाच गंधार ३४९.२ ला असतो, किंचित चढा. म्हणूनच तंबोऱ्याबरोबर पेटीचा गंधार धरला की कानाला टोचतो.

सी. व्ही. रामन यांनी १९२१ साली तंतुवाद्यांवर एक निबंध लिहिला. नियम असा की तार ज्या बिंदूवर छेडाल, तिथे ज्या स्वरांशाचा (मूळ स्वराबरोबर त्याच्या पटीत वाजणाऱ्या बारीक स्वराचा) स्थिर बिंदू असेल तो ऐकू येता कामा नये. रामन यांनी दाखवलं की तंबोऱ्यात तो ऐकू येतो. नियम खोटा नाही, पण तंबोऱ्याची घोडी (तारा जिच्यावर टेकतात ती पट्टी) इतकी वेगळी आहे की तो तिथे लागूच पडत नाही. आपल्याकडच्या कुण्या कारागिराने तीनशे-चारशे वर्षांपूर्वी कानाने हे घडवलं होतं.

तारेवरचा_दोरा | बुधवार, रात्री ९:२०

घोडीचा विषय निघाला म्हणून पहिल्यांदाच इथे लिहितोय. आमचं घर मिरजेत, तीन पिढ्या हेच काम.

भोपळा पंढरपूरकडून, भीमेच्या काठच्या शेतांतून येतो. तो वर्ष-वर्ष वाळत ठेवतो. लाकूड तुणीचं. पण खरी परीक्षा जवारीची, म्हणजे तारेची गुंज ज्यावर ठरते त्या घोडीच्या माथ्याच्या घडणीची. घोडीचा माथा सपाट दिसतो, असतो मात्र हलक्या उताराचा. कानसीने घासायचा, तार चढवायची, ऐकायचं, उतरवायची, परत घासायचा. केसाएवढं जास्त गेलं की घोडी वाया. मग तारेखाली सुताचा दोरा सरकवायचा. दोरा एका जागी आला की तार उघडते. आम्ही "जवारी खुलली" म्हणतो. त्याआधी टणटण वाजणारी तार एकदम मधमाश्यांसारखी गुंजू लागते.

माझ्या आजोबांना शेवटी शेवटी कमी ऐकू यायचं. ते दांडीला दात लावून जवारी तपासायचे. हाडातून त्यांना कळायचं.

२०२४ मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं तेव्हा वडिलांनी तो कागद देवघरात ठेवला. इलेक्ट्रॉनिक तंबोरा आल्यापासून काम निम्म्याहून कमी झालंय, हेही खरं. ॲपमधून स्वर येतो, गंधारही येतो, पण भोपळ्यावर गाल टेकता येत नाही.

वर देवगिरी आलं, तर शेजारचं विजापूरही यायला हवं. दुसऱ्या इब्राहिम आदिलशहाने आपल्या तंबोऱ्याला नाव दिलं होतं: मोतीखान. आमच्याकडे प्रत्येक जुन्या वाद्याला कुणी ना कुणी नाव दिलेलं असतंच, त्यामुळे हे मला अगदी जवळचं वाटतं.

कोरडवाहू | गुरुवार, पहाटे ५:४५

सगळे प्रतिसाद वाचले. माहिती उत्तम आहे. पण मला बोचलं ते लिहितो.

मी माण तालुक्यातला. १९७२ च्या दुष्काळात माझी आई दहा वर्षांची होती, खडी फोडायच्या कामावर आजीबरोबर जायची. "अमुक राग गायला की पाऊस पडतो" हे वाक्य आमच्या घरात कुणी बोललेलं मला आठवत नाही, कारण पाऊस पडत नाही तेव्हा काय होतं हे प्रत्येकाला माहीत होतं.

आमच्याकडे गाणं होतं ते धोंडीचं. एका पोराला कडुनिंबाचा पाला बांधायचा, मुसळाला बेडूक बांधून दोघांनी धरायचं आणि घरोघर जायचं. धोंडी धोंडी पाणी दे. प्रत्येक घरची बाई धोंडीवर तांब्याभर पाणी ओतायची. हंड्यात पाणी तळाला गेलेलं असतानाही ओतायची. त्यात ना श्रुती, ना मींड, ना जवारी. तीन-चार स्वरांचं गाणं.

सोलापूरच्या आसपास पुण्याच्या आयआयटीएम या हवामानशास्त्र संस्थेने ढगांत बीजन करून पाहिलं. विमानाने कॅल्शियम क्लोराईडची नळकांडी जाळायची. पाऊस सरासरी १८ टक्के वाढला असं त्यांनी मांडलं. पण तेही ढग आधीच असतील तरच. कोरड्या आभाळापुढे विमानही हात टेकतं. मग मल्हाराचं काय घेऊन बसलात?

कुणाला दुखवायचं नव्हतं. पोराला उत्तर देताना हेही सांगा, एवढंच.

अनवट | गुरुवार, दुपारी १२:१०

कोरडवाहू, तुमचा प्रतिसाद या धाग्यावरचा सगळ्यात महत्त्वाचा आहे असं मला वाटतं. त्यावर मतभेद मांडते, तोही आदराने.

तुम्ही म्हणता, ढग आधी असावे लागतात. मल्हाराचंही तेच आहे, आणि गाणाऱ्यांना हे माहीत असतं. मल्हाराचे प्रकार पावसाळ्यात गातात, आभाळ भरून आल्यावर. मियाँ मल्हारात कोमल गंधार नुसता लागत नाही, तो झुलतो, पाण्याने जड झालेल्या फांदीसारखा. मग कोमल निषाद (नि), धैवत (ध), शुद्ध निषाद, षड्ज. दोन्ही निषाद एकमेकांना खेटून येतात आणि त्या फटीत काहीतरी गडगडतं. लहानपणापासून पंधरा-वीस पावसाळे हे स्वर पावसाबरोबर कानावर पडले की पुढे एप्रिलमध्येही ते ऐकताना मातीचा वास येतो. मला येतो.

दुसरं, गुंतागुंत. मी जयपूर घराण्याचं शिकते. अल्लादिया खाँसाहेबांचा आवाज गेला होता, त्यातून त्यांनी नवी गायकी उभी केली. कोल्हापुरात शाहू महाराजांनी त्यांना आश्रय दिला. त्या गायकीत जोडराग आहेत, दोन रागांची वीण अशी की एकाचा धागा कुठे संपला ते कळत नाही. बसंती केदार म्हणताना माझ्या गुरू म्हणायच्या, "दोन्ही घरं तुझी आहेत, पण उंबऱ्यावर बसून राहा." मी सहा वर्षं तो उंबरा शोधला. ज्या दिवशी सापडला त्या दिवशी खोलीतलं घड्याळ मला ऐकू येईनासं झालं. दीड तास गेला आणि मला वीस मिनिटं वाटली.

पण धोंडीचं गाणं सोपं आहे, हे मला मान्य नाही. स्वर तीनच असतील. तळाला गेलेल्या हंड्यातून तांब्या काढून परक्या पोराच्या डोक्यावर ओतायला लावणारं गाणं माझ्या घराण्यात एकही नाही.

दूरदेशी | गुरुवार, रात्री ११:०० (इथे दुपार)

तरंगलांबी यांच्या झाकणाला पूरक. गाण्याने यंत्र बंद पडल्याचं एक खरं उदाहरण आहे. मायक्रोसॉफ्टमधल्या एका जुन्या अभियंत्याने २०२२ मध्ये लिहिलं होतं: एका अमेरिकन गायिकेचं एक गाणं वाजवलं की विशिष्ट लॅपटॉप बंद पडायचे. शेजारच्या टेबलावरचा, गाणं न वाजवणारा लॅपटॉपही बंद पडायचा! त्यातली मिनिटाला ५४०० फेऱ्या घेणारी हार्ड डिस्क त्या गाण्यातल्या एका कंपनसंख्येला थरथरायची. उपाय म्हणून ध्वनीतून तेवढी पट्टी गाळून टाकली. दोन दशकं जुन्या यंत्रांची गोष्ट आहे, पण दीपकाच्या कथेच्या एवढं जवळ जाणारं मला दुसरं काही माहीत नाही.

साळावली | शुक्रवार, सकाळी ८:३०

गोंयांतल्यान एक भर घालते.

सांगे तालुक्यात कुर्डी नावाचा गाव होता. गायिका मोगूबाई कुर्डीकरांचा जन्म तिथला, १९०४ चा. साळावली धरण झालं आणि १९८० च्या दशकात गाव पाण्याखाली गेला. माणसं वाडें आणि वालकिणीला वसवली. पण दरवर्षी मे महिन्यात पाणी ओसरतं आणि गाव वर येतो. घरांचे चौथरे, आटलेल्या विहिरी, सोमेश्वराचं देऊळ. जुने गावकरी मुलंबाळं घेऊन येतात, आपापल्या चौथऱ्यावर उभे राहतात. पावसाळा आला की सगळं परत बुडतं.

मी दोनदा गेले आहे. वाळलेल्या चिखलावर बसून फोनवर मोगूबाईंचं जुनं ध्वनिमुद्रण लावलं. वर आभाळ भरायला लागलं होतं. ज्या घरात तो आवाज पहिल्यांदा रडला असेल, ते घर आठवड्याभरात पाण्याखाली जाणार होतं. मल्हार लावायचं माझ्या मनात होतं, पण धीर झाला नाही. भैरवी लावली.

तरंगलांबी | शुक्रवार, दुपारी १:१५

साळावली, काय लिहू.

अनवट यांच्या घड्याळाबद्दल: ते मला मोजता येत नाही. वास येतो तोही नाही. तंबोऱ्यातला गंधार मोजता येतो आणि घड्याळ न ऐकू येणं मोजता येत नाही, म्हणून दुसरं कमी खरं आहे, असं मी वर्गात कधी म्हणत नाही. एवढ्यावर थांबतो.

कोमल_निषाद, भाच्याबरोबर खर्जाचा प्रयोग करून पाहा आणि इथे लिहा. त्याला आधी काही सांगू नका. "गंधार ऐक" म्हटलंत की तो ऐकेलच.

कोमल_निषाद (धागाकर्ती) | रविवार, रात्री ९:३०

सगळ्यांचे मनापासून आभार. काल-आज जे झालं ते लिहिते.

घागर नव्हती, तांब्याची कळशी होती. न्हाणीघरात अर्धा तास गेला. भाच्याला जाड धारेपेक्षा बारीक धार आवडली. तानाची गोष्ट सांगितली, विहिरीसकट. त्याने विचारलं, "मग तानसेन त्यांना सोडवायला का नाही आला?" माझ्याकडे उत्तर नव्हतं आणि मी ते तसंच सांगितलं. पाणवठा, हा प्रश्न तुमच्यासाठी इथे ठेवते.

मग तंबोरा. फक्त खर्ज छेडला, काही बोलले नाही. जवारी थोडी बसली होती, दोरा सरकवून सरकवून खुलवली (मिरजेच्या दादांची आठवण झाली). सातव्या-आठव्या वेळी तो म्हणाला, "मावशी, वर कोण गातंय?" मी विचारलं, काय गातंय? त्याने तोंड उघडून तो स्वर लावला. गंधार. पेटीवर तपासला तर पेटीपेक्षा किंचित उतरा, तंबोऱ्याला मात्र चिकटून. त्याला गंधार हा शब्दही माहीत नाही. मला पुढे छेडता आलं नाही, हात थांबला होता.

दिव्यांचं विचारलं तेव्हा ८० वॅटचा हिशेब सांगितला. पावसाचं विचारलं तेव्हा कोरडवाहूंच्या आईची गोष्ट सांगितली. तो म्हणाला, "मग त्यांनी शेवटचं पाणी का ओतलं?" त्यावर आम्ही दोघं बराच वेळ बोललो.

शेवटी झाकण. मी पंचम लावला, ते किणकिणलं. त्याने बोट ठेवलं, थांबलं. बोट काढलं, मी परत पंचम लावला. असं अकरा वेळा. मग पट्टी बदलून पाहिली आणि ते खरंच मध्यमाला बोललं.

कोरडवाहू | सोमवार, पहाटे ५:५०

वाचलं. आईलाही वाचून दाखवलं. शेवटचं पाणी का ओतलं ते तिला विचारलं. ती काही बोलली नाही, चुलीपुढे बसून धोंडीचं गाणं म्हणायला लागली. मला दोनच कडवी येत होती, तिला सात येतात. पाचव्यात आमच्या गावच्या ओढ्याचं नाव आहे, जो मी वाहताना कधी पाहिला नाही. आज रात्री वहीत उतरवून घेतो आणि इथे टाकतो.